राजाची मेणबत्ती कोणी धरायची? व्हर्सायचा मानपान आणि चौदावा लुई

शेवटचा_बाक · शनि, २२:४५

परवा घरातल्या लग्नात मोठं रामायण झालं. टोपी-उपरणं द्यायच्या वेळी मधल्या आत्याच्या यजमानांच्या आधी धाकट्या आत्याच्या यजमानांचं नाव पुकारलं गेलं. मधले काका पंगतीला बसलेच नाहीत. माणूस निवृत्त अभियंता, घरी कशाची ददात नाही, आणि रुसवा दीडशे रुपयांच्या उपरण्यावरून. बाकीचे तोंड लपवून हसत होते. मला मात्र सारखा फ्रान्सचा चौदावा लुई आठवत होता. या माणसाने उपरण्यावर राज्य चालवलं.

व्हर्सायच्या राजवाड्यात रात्री साडेअकराच्या सुमाराला राजा झोपायला निघे. हा खाजगी मामला नव्हता, रीतसर समारंभ होता. प्रार्थना आटोपली की राजा जमलेल्या सरदारांवरून नजर फिरवी आणि एकाचं नाव मोठ्याने घेई. खिदमतगार त्या भाग्यवंताच्या हाती शमादान देई. राजाचे कपडे उतरेपर्यंत त्याने ते धरून उभं राहायचं. खोलीत उजेड भरपूर असे, मेणबत्तीची गरज कोणालाच नव्हती. तरी दुसऱ्या दिवशी राजवाडाभर चर्चा एकच, काल मेणबत्ती कोणाला मिळाली?

सकाळी उठण्याचंही तसंच. आधी कोण आत येणार, मग कोण, सदरा कोण देणार, सगळं ठरलेलं. जेवणाच्या वेळी राजाचा सख्खा भाऊ हातरुमाल देऊन बाजूला उभा राही. राजाने सांगितलं तर बसे, तेही स्टुलावर. शिवाय एक निळा अंगरखा होता, आतून लाल, वर सोन्या-चांदीची जर. तो शिवून घ्यायला पैसे असून भागत नसे, राजाच्या सहीचा परवाना लागे. परवाने मोजके. एक मानकरी मेला की त्याच्या जागेसाठी मोठमोठ्या घराण्यांची रांग.

हे सगळं रिकामटेकड्यांचं नाटक वाटतं. पण लुईचं बालपण पाहा. १६४३ मध्ये बाप गेला तेव्हा हा पाच वर्षांचाही नव्हता. १६४८ ते १६५३ फ्रोंद नावाची बंडाळी झाली. आधी पॅरिसचं वरिष्ठ न्यायालय उठलं, मग खुद्द राजघराण्यातले सरदार. हिवाळ्यात रातोरात पॅरिस सोडून पळावं लागलं. फेब्रुवारी १६५१ मध्ये तर राजा पळाला की काय हे बघायला जमाव राजवाड्यात शिरला. बारा वर्षांचा लुई डोळे मिटून झोपेचं सोंग घेऊन पडला होता आणि अनोळखी माणसं पलंगाजवळून जात होती. पुढे आयुष्यभर त्याने स्वतःचं झोपणं-उठणं स्वतःच्या हुकमाने लोकांना दाखवलं. हे दोन्ही जोडणारा मी काही पहिला नसेन, पण मला ते जोडल्याशिवाय राहवत नाही.

९ मार्च १६६१ ला मुख्य मंत्री माझारिन वारला. दुसऱ्या दिवशी बावीस वर्षांच्या राजाने सांगितलं, यापुढे मुख्य मंत्री नाही, माझ्या हुकमाशिवाय कशावर शिक्का उठवायचा नाही. मग सर्वोच्च सल्लागार मंडळातून आई बाहेर, भाऊ बाहेर, राजघराण्यातले सगळे सरदार बाहेर. आत कोण? ल तेलिए, लिओन आणि खजिन्याचा फुके. तीनच माणसं, आणि तिघांपैकी कोणीही खानदानी उमराव नाही. फुकेने ऑगस्टमध्ये आपल्या नव्या महालात राजाला अशी मेजवानी दिली की राजाच्या पोटात दुखलं. एकोणीस दिवसांत फुके कैदेत. जागी आला कोल्बेर, राँस गावच्या कापड व्यापाऱ्यांच्या घराण्यातला.

माझं म्हणणं एवढंच, की लुईने मान आणि सत्ता यांची फारकत केली. जुन्या सरदारांना मान दिला, भरभरून दिला, आणि कारभार कारकुनाच्या पोरांकडे दिला. ६ मे १६८२ ला दरबार कायमचा व्हर्सायला गेला तो या व्यवस्थेवरचा कळस. सरदार तिथे मेणबत्तीसाठी झुरत राहिले, कर्जात बुडाले आणि राजाच्या तनख्यावर जगू लागले. बंड करायला फुरसत कोणाला?

---

टवाळ_कार्टं · शनि, २३:०२

पहिला! लेख झकास. उपरण्याला मान दीडशे रुपयांचा नसतो हो, तो नाव पुकारण्याचा असतो. मधल्या काकांना माझा पाठिंबा.

एक शंका. राजा सकाळचे सगळे विधी चारचौघांत करत असेल तर *सगळेच* विधी?

---

शेवटचा_बाक · शनि, २३:१०

वाटलंच होतं, हा प्रश्न पहिला येणार. होय, तेसुद्धा. राजा भोकाच्या खुर्चीवर बसलेला असताना आत येण्याचा वेगळा परवाना होता. तो मिळवायला लोक धडपडत, कारण त्या वेळी गर्दी कमी आणि राजाशी दोन शब्द बोलायची संधी जास्त.

---

टवाळ_कार्टं · शनि, २३:१२

म्हणजे साहेबांना एकटं गाठायचं हे शास्त्र सनातन आहे. आमच्या हापिसात त्यासाठी लिफ्ट वापरतात.

---

मुक्काम_ल्योन · रवि, ०१:३०

इकडे अजून शनिवारची रात्रच आहे, म्हणून लगेच लिहिते.

शेवटचा_बाक, लिहिलंय सुरेख, पण फुकेची गोष्ट तुम्ही शाळेतल्या पुस्तकासारखी सांगितलीत. (उच्चार फूके, आणि माझारिनचा माझारँ. इथे बारा वर्षं राहून एवढं तरी जमायला हवं.)

मेजवानी १७ ऑगस्ट १६६१ ची. अटकेचा निर्णय त्याच्या खूप आधी, वसंतातच झालेला होता. फूके हा पॅरिसच्या पार्लमाँचा मुख्य सरकारी वकीलही होता. हे पार्लमाँ म्हणजे कायदेमंडळ नव्हे, वरिष्ठ न्यायालय. त्या पदावर असेपर्यंत त्याच्यावर खटला चालवायचा तर तो त्याच्याच भाईबंदांपुढे. तेव्हा आधी त्याला गोड बोलून ते पद विकायला लावलं. तुम्हाला याहून मोठ्या मानाचं काही मिळेल, पण त्यासाठी हे सोडावं लागेल, असं सुचवून. बिचाऱ्याने चौदा लाख लिव्हरना (लिव्हर म्हणजे तेव्हाचं फ्रेंच चलन) पद विकलं आणि त्यातले दहा लाख राजाला देऊ केले. कवचकुंडलं काढून घेतली आणि मग ५ सप्टेंबरला नान्तमध्ये पकडलं. पकडणारा दार्तान्याँ, हो, तोच ‘थ्री मस्केटिअर्स’ कादंबरीतला, तो खरा माणूस होता. त्या दिवशी राजाचा तेविसावा वाढदिवस होता.

खटला तीन वर्षं चालला. बावीस न्यायाधीशांपैकी नऊ जणांनी फाशी म्हटलं, तेरा जणांनी हद्दपारी. राजे लोक शिक्षा कमी करतात, या राजाने वाढवली. हद्दपारीची जन्मठेप केली आणि आल्प्समधल्या पिन्येरोल किल्ल्यात ठेवलं. फूके १६८० मध्ये तिथेच गेला. त्याला देशाबाहेर सोडला असता तर राज्याच्या हिशेबातली सगळी गुपितं त्याच्याबरोबर गेली असती.

आणि त्या मेजवानीच्या महालाचा वास्तुकार, चित्रकार आणि बागकार, ल व्हो, ल ब्रँ आणि ल नोत्र, तिघेही पुढे व्हर्सायच्या कामावर. संत्र्याची झाडंसुद्धा उचलून नेली.

---

शेवटचा_बाक · रवि, ०८:१५

मान्य. मेजवानीवरून अटक ही गोष्ट सांगायला सोपी पडते म्हणून मीही तीच सांगितली. पद विकायला लावण्याचा भाग माहीत नव्हता. हे तर पोटदुखीपेक्षा कितीतरी थंड डोक्याचं निघालं.

---

रेवा_मावशी · रवि, ०९:४०

बायकांबद्दल कोणी लिहिणार आहे की नाही? लिहिते मीच.

राणीसमोर कोणाला बसता येतं हा तिथला सगळ्यात जीवघेणा प्रश्न. हातांची खुर्ची फक्त राजा-राणीच्या बरोबरीच्यांना. डचेसला, म्हणजे ड्यूक या वरच्या दर्जाच्या सरदाराच्या बायकोला, बिनपाठीचं स्टूल. त्याला ताबुरे म्हणत. बाकीच्या सगळ्या उभ्या, मग वय सत्तर असो की सातवा महिना. मुलीचं लग्न ठरवताना "स्टूल मिळेल का?" हा रोकडा विचार असे.

मोंतेस्पाँ बाईंची गंमत बघा. राजापासून सात मुलं, सगळा दरबार त्यांच्यापुढे वाकलेला, पण बाई मार्किस, म्हणजे डचेसच्या खालच्या दर्जाच्या. स्टूल नाही! नवऱ्याला ड्यूक करायचं तर तो आधीच राजावर जळफळत होता. शेवटी १६७९ मध्ये त्यांना राणीच्या महालाची मुख्य कारभारीण नेमलं, तेव्हा पदाच्या जोरावर बाई बसल्या. म्हणजे ज्या राणीचा संसार बाईंनी वाटून घेतला तिच्याच घरची व्यवस्था बाईंकडे. आणि हे राजाचं प्रेम आटत आल्यावर. आमच्याकडे याला बोळवण म्हणतात.

आणि मँतनों बाई? राणी गेल्यावर १६८३ मध्ये राजाने त्यांच्याशी गुपचूप लग्न केलं. ते कधी जाहीर झालं नाही, त्यामुळे मानाच्या उतरंडीत त्यांना राणीची जागा नाही. पण संध्याकाळी मंत्री कागद घेऊन येत ते त्यांच्या खोलीत. एका बाजूला राजा आणि मंत्री, दुसऱ्या बाजूला बाई हातात काम घेऊन बसलेल्या. शेवटचा_बाक, तुमची मान आणि सत्तेची फारकत इथे घरातच दिसते की.

---

पेणकर_आप्पा · रवि, ११:२०

उत्तम चर्चा. वय झाल्यामुळे सावकाश टंकतो, सांभाळून घ्या.

लुई हा दाखवणारा राजा. त्याच्या आधी शंभर वर्षं स्पेनचा दुसरा फिलिप नेमका उलटा, लपणारा. माद्रिदजवळ एस्कोरियाल बांधलं, १५६३ ते १५८४. राजवाडा, मठ आणि घराण्याची दफनभूमी एकाच छताखाली. हा गृहस्थ तिथे बसून अर्ध्या जगाचे कागद वाचायचा. पेरूचा कागद, नेपल्सचा कागद, हॉलंडचा कागद. प्रत्येकाच्या समासात स्वतःच्या गिचमिड अक्षरात शेरा. माणसांना भेटण्याचा कंटाळा, तोंडी सांगणाऱ्याला म्हणे, लेखी द्या. १५८० पासून पोर्तुगालही त्याच्याकडे आलं, म्हणजे आपला गोवाही त्याच्याच दौलतीत. गोव्याचा कागद लिस्बनला जाऊन उत्तर यायला दीड-दोन वर्षं लागत. तोवर इथे व्हाइसरॉय बदललेला असे.

मला विचाराल तर फिलिपचा मार्ग अधिक प्रामाणिक, पण कामाचा नाही. निर्णय साचत जात. मी चाळीस वर्षं सरकारी नोकरी केली, समासात शेरे मारणारे साहेब मी पाहिलेत.

---

जमाखर्च · रवि, १६:०५

सगळ्यांची क्षमा मागून विरजण घालतो. मेणबत्ती, स्टूल, अंगरखा हे सगळं वरचं तोंडीलावणं. ताटातला भात दाखवतो.

शेवटचा_बाक म्हणतात, सत्ता कारकुनाच्या पोरांकडे गेली. या पोरांनी पदं मिळवली कशी? विकत. फ्रान्समध्ये न्यायाधीशाचं, करवसुलीचं, हिशेबतपासणीचं पद राजा उघडउघड विकत असे. १६०४ पासून पोलेत नावाचा कर होता. पदाच्या किमतीचा साठावा भाग दरवर्षी भरा, पद तुमच्या घराण्यात कायमचं. मुलाला द्या, जावयाला द्या, विका, गहाण ठेवा. मोठं पद असेल तर काही वर्षांनी किंवा पुढच्या पिढीला उमरावकीही मिळे. कोल्बेरने १६६४ च्या सुमाराला मोजदाद करवली तेव्हा अशी सुमारे ४६ हजार पदं निघाली, बाजारभाव ४० कोटी लिव्हरच्या वर. यांतल्या एकालाही राजा सहजासहजी काढू शकत नव्हता, कारण काढायचं तर पैसे परत द्यावे लागत आणि पैसे तर लढायांत गेलेले.

याला आपल्याकडचा शब्द शोधायला लांब जायला नको. वतन. देशमुख-देशपांड्यांची वतनंही अशीच पिढीजात, विकली जाणारी. १७१५ च्या सुमाराला आज्ञापत्रात रामचंद्रपंत अमात्य वतनदारांना राज्याचे वाटेकरी भाऊबंद समजून सावध राहायला सांगतात. त्याच वर्षी तिकडे लुई मरत होता आणि त्याच्या वतनदारांची संख्या त्याच्या राज्यारोहणाच्या वेळेपेक्षा कितीतरी वाढलेली होती.

---

टवाळ_कार्टं · रवि, १६:११

आला, आला, महाराष्ट्र आला! पैज जिंकलो.

---

जमाखर्च · रवि, १६:३०

दोन ओळींत आला आणि गेलाही. पुढचं ऐक.

राजाला याची जाणीव होती, म्हणून त्याने वतनदारांच्या डोक्यावर अँतांदाँ बसवले. प्रांतोप्रांती एक, सगळे मिळून तीसेक. यांचं पद विकत घेतलेलं नसे, नेमणुकीचं असे. राजाने कागद पाठवला की आलात, दुसरा पाठवला की गेलात. साधारण आपला जिल्हाधिकारी समजा. दोन कोटींच्या देशाला तीस माणसं! त्यांच्या हाताखालची बाकीची यंत्रणा विकत घेतलेल्या पदांचीच.

आणि युद्ध लागलं की कोल्बेरची सगळी शिस्त पाण्यात. १६८८ पासूनच्या युद्धात फौज कागदावर चार लाखांच्या घरात गेली. १६८९ मध्ये राजाने व्हर्सायमधलं चांदीचं फर्निचर वितळवलं. टेबलं, झुंबरं, संत्र्याच्या झाडांच्या कुंड्या, सगळं टांकसाळीत. घडणावळ गेली, हाती आलेली रक्कम मूळ खर्चापुढे चिल्लर. मग खजिन्याचा मंत्री पोंशार्त्रँ याने नवी पदं काढून विकायचा धडाका लावला. डुकराची जीभ बघून रोग ओळखणारा निरीक्षक हेही पद विक्रीला. खोटं नाही सांगत. महाराज पद निर्माण करतात तेव्हा परमेश्वर ते विकत घेणारा मूर्ख निर्माण करतो, असं तो म्हणाल्याचं सांगतात.

---

मुक्काम_ल्योन · सोम, ००:५०

जमाखर्च यांच्याशी बरीचशी सहमत, पण "घेणारा मूर्ख" हे पोंशार्त्रँचं म्हणणं खरं धरू नका. लोक विचार करून घेत. पद म्हणजे करातून सूट, समाजात नाव आणि मुलाची सोय.

शेवटचा_बाक, तुमच्या मूळ लेखातल्या शेवटच्या परिच्छेदावर माझा खरा आक्षेप आहे. सरदार सोन्याच्या पिंजऱ्यात अडकले, हे चित्र एका जर्मन समाजशास्त्रज्ञामुळे फार लोकप्रिय झालं. पण फ्रान्समधल्या बहुतेक सरदारांनी व्हर्साय कधी डोळ्यांनी पाहिलं नाही. राजवाड्यात नोकरचाकर धरून काही हजार माणसं, आणि देशात उमराव घराण्यांतली माणसं लाखांनी. उरलेल्यांना राजाने कसं धरून ठेवलं?

लाँगदोक घ्या, दक्षिणेचा प्रांत, राजधानीसारखं शहर तुलूझ. तिथे प्रांताची स्वतःची सभा होती, बिशप, जहागीरदार आणि शहरांचे प्रतिनिधी. राजा दरवर्षी रक्कम मागायचा, सभा घासाघीस करायची. पुढे पुढे घासाघीस कमी झाली. दहशतीमुळे? तिथले हिशेब तपासणाऱ्या अभ्यासकांना दिसलं ते असं, की गोळा केलेल्या करातला भरपूर वाटा त्याच स्थानिक बड्या मंडळींच्या खिशात परत जात होता. व्याज, मानधन, तनखा, दलाली. राजाने त्यांना मोडलं नाही, भागीदार केलं. याच प्रांतात भूमध्य समुद्राकडून अटलांटिककडे जाणारा कालवा झाला, १६६६ ते १६८१, सुमारे २४० किलोमीटर. थोडा पैसा राजाचा, थोडा प्रांतसभेचा, थोडा रिके नावाच्या माणसाचा, जो तिथलाच मीठ-कराचा मक्तेदार होता. पूर्ण व्हायच्या काही महिने आधी बिचारा मेला आणि मुलांना कर्ज ठेवून गेला. मी त्या कालव्याच्या काठाने सायकलने गेले आहे. दोन्ही बाजूंची चिनाराची झाडं आता रोगाने कापावी लागताहेत, फार वाईट वाटतं.

तेव्हा मेणबत्ती खरी, पण ती वरच्या शे-दोनशे घराण्यांपुरती.

---

शेवटचा_बाक · सोम, ०७:५५

ल्योनताई, एवढं मान्य करतो की पिंजरा लहान होता. पण पक्षी मोठे होते! फ्रोंदच्या वेळी राज्य हादरवलं ते लाँगदोकच्या जहागीरदारांनी नाही, राजाच्या चुलत घराण्यातल्या कोंदेने. तो पुढे स्पेनच्या बाजूने स्वतःच्या राजाविरुद्ध लढला. १६५९ च्या तहानंतर परत आला, माफी मिळाली. तोच कोंदे एप्रिल १६७१ मध्ये राजाला तीन दिवसांची मेजवानी देतो आणि मासे वेळेवर आले नाहीत म्हणून त्याचा कारभारी व्हातेल तलवारीवर पडून जीव देतो. वीस वर्षांपूर्वी ज्या घरात बंडाचे बेत शिजत, तिथे आता राजाच्या जेवणात मासे कमी पडतील या धास्तीने माणूस मरतोय. शे-दोनशे घराणी आवरली की बाकीच्यांना पुढारी उरत नाही.

---

पेणकर_आप्पा · सोम, १०:३०

हा मुद्दा बिनतोड.

राजवाडा फक्त आपल्या सरदारांसाठी नव्हता, परक्यांसाठीही होता, हेही लिहितो. जिनोआ या छोट्या गणराज्याने स्पेनला मदत केली म्हणून लुईच्या आरमाराने १६८४ मध्ये ते शहर तोफांनी भाजून काढलं. वर अट, की तुमच्या प्रमुखाने, म्हणजे दोजेने, स्वतः येऊन माफी मागायची. जिनोआचा कायदा असा, की दोजेने मुदतीत शहर सोडायचं नाही. तरी १६८५ च्या मे महिन्यात दोजे आला. ७३ मीटर लांबीचं ते आरशांचं दालन, ३५७ आरसे, टोकाला चांदीच्या सिंहासनावर राजा. समारंभानंतर त्याला विचारलं, व्हर्सायमध्ये सगळ्यात नवल कशाचं वाटलं? म्हणाला, मी इथे आहे याचं.

---

टवाळ_कार्टं · सोम, १०:३८

दोजे आपला माणूस.

आप्पा, पण हे सगळं चालू असताना लुईला आपल्याकडची खबर होती का? की उगाच आम्हीच त्याची मेणबत्ती धरून बसलोय?

---

पेणकर_आप्पा · सोम, १८:१५

होती तर. कोल्बेरने १६६४ मध्ये फ्रेंच ईस्ट इंडिया कंपनी काढली, १६६८ मध्ये सुरतेला वखार. औरंगजेबाच्या दरबारात राहून आलेला वैद्य बर्निए याने कोल्बेरलाच लांबलचक पत्र लिहिलं, की जगातलं सोनं-चांदी हिंदुस्थानात येऊन मुरतं ते कसं. तावेर्निए नावाच्या जवाहिऱ्याने गोवळकोंड्याकडचा मोठा निळा हिरा लुईला विकला. तो पुढे पैलू पाडून लहान केला, चोरीला गेला, पुन्हा कापला गेला. आज अमेरिकेत होप डायमंड म्हणून आहे तो हाच. आणि कारे नावाचा पाद्री १६७२-७४ मध्ये कोल्बेरच्या कामगिरीवर इकडे फिरून गेला. शिवाजी महाराजांबद्दल त्याने अतिशय आदराने लिहिलंय. म्हणजे राज्याभिषेकाच्या सुमाराला महाराजांचं नाव पॅरिसपर्यंत पोचलेलं होतं.

---

जमाखर्च · सोम, २१:२०

आता शेवटचा_बाक यांच्या सिद्धांताला मीच एक टेकू देतो, कारण माझ्या माहितीत याहून चांगला पुरावा नाही.

१६९३-९४ मध्ये दुष्काळाने फ्रान्समध्ये दहा लाखांहून जास्त माणसं मेली. युद्ध चालूच. पैसा कुठून आणायचा? १६९५ मध्ये राजाने कापितासियों नावाचा डोईकर बसवला. उमरावांनाही माफी नाही, हे पहिल्यांदाच. त्यासाठी साऱ्या फ्रान्सची २२ वर्गांत यादी केली. वरच्या वर्गाला २००० लिव्हर, शेवटच्याला १. साध्या शिपायांची आणि रोजंदारीवाल्यांची जागा तळाला.

पहिल्या वर्गात कोण? युवराज, राजघराण्यातले लोक. ठीक. त्यांच्याच ओळीत राज्याचे मंत्री. आणि त्यांच्याच ओळीत सरकारी कर गोळा करणारे बडे मक्तेदार, ज्यांच्यातल्या काहींचे आजोबा दुकानदार होते. आणि ड्यूक मंडळी, ज्यांच्या बायका स्टुलावर बसत? दुसऱ्या वर्गात. १५०० लिव्हर.

शयनगृहात एक उतरंड आणि खजिन्यात दुसरी. दोन्ही एकाच राजाच्या सहीने.

---

रेवा_मावशी · सोम, २१:४४

अरे देवा. म्हणजे ड्यूक लोकांना कर कमी बसला म्हणून आनंद झाला की वर्ग खालचा मिळाला म्हणून दुःख?

---

मुक्काम_ल्योन · मंगळ, ०२:१०

मावशी, हा प्रश्न मी इथल्या लोकांना विचारणार आहे. :)

जमाखर्च, हा टेकू मात्र जबरदस्त. माझी तलवार म्यान. फक्त मक्तेदारांना राजाने आपखुशीने वर चढवलं असं वाचू नका. त्यांच्याकडून उद्या कर्ज हवं होतं.

---

शेवटचा_बाक · मंगळ, २१:०५

सगळ्यांचे आभार. लेखापेक्षा प्रतिसाद भारी झाले. मेणबत्तीपासून सुरुवात केली होती, तेव्हा तिचाच एक किस्सा सांगतो.

हे बारीकसारीक मानपान आपल्याला कळतात ते मुख्यतः ड्यूक द सँ-सिमों याच्यामुळे. जन्म १६७५, अंगाने किरकोळ, आणि कोण कोणाच्या आधी दारातून गेलं यावर पानंच्या पानं लिहिणारा. हातात पंचांग आणि घड्याळ असलं की शेकडो कोसांवरून सांगता येई की राजा आता काय करतोय, हे त्याचंच निरीक्षण. एखादा सरदार दरबारात फारसा दिसला नाही आणि कोणी त्याच्यासाठी शब्द टाकला तर राजा म्हणे, "तो? तो मला दिसतच नाही." हेही त्यानेच नोंदवलेलं.

हा सँ-सिमों सैन्यात होता. १६७५ पासून लुईने बढत्या ज्येष्ठतेवर नेल्या होत्या, म्हणजे ड्यूक असलात तरी रांगेत. १७०२ मध्ये त्याला डावलून त्याच्यानंतर आलेल्यांना बढती मिळाली. त्याने तब्येतीचं कारण देऊन राजीनामा दिला. राजा मंत्र्याला म्हणाला, आणखी एक आपल्याला सोडून चालला. राजवाड्यात सगळे श्वास रोखून, की आता याचं काय होणार.

त्या रात्री शयनविधीला सँ-सिमों हजर होता. प्रार्थना झाली. राजाने नजर फिरवली आणि मोठ्याने नाव घेतलं, सँ-सिमों. त्याच्या हातात शमादान. लोक चकित. त्याला स्वतःलाही आधी बरं वाटलं. पुढे तो लिहितो की राजाला राग आला होता आणि तो दिसू द्यायचा नव्हता, म्हणून मेणबत्ती दिली. त्यानंतर तीन वर्षं राजा त्याच्याशी धड बोलला नाही.

---

टवाळ_कार्टं · मंगळ, २१:११

हा माणूस राजकारणी नव्हता, सासू होता.

बाक, मूळ मुद्दा राहिला. मधल्या काकांचं पुढे काय झालं?

---

शेवटचा_बाक · मंगळ, २१:३०

रविवारी संध्याकाळी मी स्वतः टोपी-उपरणं, नारळ घेऊन घरी गेलो. आत्याने चहा केला. काकांनी उपरणं घेतलं, उलटसुलट करून पाहिलं, खांद्यावर टाकलं. आणि विचारलं, "धाकट्याला दिलं ते याच दुकानातलं ना?"